मागचा तुकडा

काठीवरची ओली खूण गेल्या शनिवारपेक्षा चार मिलिमीटर खाली होती. तिने काठी पुसली, पुन्हा सोडली, पुन्हा मोजलं. चारच. टाकी जमिनीखाली, झाकण घट्ट. म्हणजे थिनर उडत नव्हतं, मुरत होतं.

रंगाचा कारखाना तिच्या दादाचा. तिथली केमिस्ट ती, आणि तीन वर्षांपूर्वी कंपनी कायमची बंद करताना कागद भरणारीही तीच. ‘शिल्लक मालमत्ता’ या ओळीपुढे तिने ‘काही नाही’ लिहिलं. मोठी जागा विकून झाली होती. पण मागचा तुकडा, त्यावरची ऑफिसची खोली आणि खालची टाकी वेगळ्या नकाशावर होती. तो नकाशा काढून बघायचं तिच्याकडून राहून गेलं. आता टाकी उपसणारे मालकाची सही मागत. मालक कंपनी, आणि कंपनी तर उरलीच नव्हती.

दोन वर्षांपूर्वी हे लक्षात आलं तेव्हाच वकीलबाईंनी समजावलं होतं. “कंपनी संपली तरी तिचं मागे राहिलेलं संपत नाही. कोर्ट त्यावर रिसीव्हर, म्हणजे ताबा घेणारा आपला माणूस, नेमू शकतं. तो सही करील, टाकी काढून घेईल. पण कुणीतरी अर्ज करायला हवा. आणि ताई, ताबा सगळ्याचाच जाईल. खोलीसकट.”

खोलीत दादा राहत होता, वहिनी गेल्यापासून. दोन वर्षं हे घोंगडं भिजत पडलं होतं.

कुंपणापलीकडून लाँड्रीवाली हाक मारत आली. हातात पाण्याची बाटली.

“ताई, तुम्ही शिकलेल्या. जरा वास घ्या बघू. आमचे हे म्हणतात, तुझ्या नाकातच खोट आहे.”

तिने झाकण उघडलं. दुसऱ्यांदा हुंगायची गरज नव्हती.

“हे विहिरीचं?”

“मग काय गंगेचं? सकाळी सुनेने याचाच चहा केला.”

“आजपासून थेंबही पिऊ नका. स्वयंपाकालाही नको, कपड्यांनाही नको.”

लाँड्रीवालीचं हसू ओसरलं. “कपड्यांनाही? मग आम्ही खायचं काय?”

तिने झाकण पुन्हा घट्ट लावलं. बाटली घेऊन ती खोलीत गेली. दादा जुन्या टेबलाशी बसून चष्म्याच्या दांडीला दोरा गुंडाळत होता.

“काय म्हणते तुझी काठी?”

“विहिरीत उतरलंय, दादा.”

त्याने बाटली उजेडात धरली. “स्वच्छ तर दिसतंय.”

“दिसणारच.”

“पाऊस झाला की जाईल वाहून. तू लहानपणापासून अशीच, राईचा पर्वत करणारी.” मग तिच्याकडे न बघता तो म्हणाला, “मला तुझ्या घरी नेऊन बसवायचं असेल तर आधीच सांगतो, तुझ्या हातची भाजी मला जात नाही.”

“मीठ कमी असतं म्हणून. ते तुझ्या रक्तदाबासाठी.”

“तेच ते.” दोरा सुटला. त्याने पुन्हा पहिल्यापासून गुंडाळायला घेतला. “चाळीस वर्षं, वेडे. एवढी एक खोली उरलीय.”

ती समोरच्या खुर्चीत बसली. गेली दोन वर्षं ती इथूनच गप्प उठून जात असे.

“दादा, मी कोर्टात अर्ज करतेय. रिसीव्हर नेमा म्हणून. सोमवारीच.”