भोंग्यावरची आत्या

— सूचना. आज गावात पाहुणे आले आहेत. त्यांच्यादेखत कोणालाही हाक मारताना आधी नाते आठवावे, मग तोंड उघडावे. सूचना संपली.

सायकलवर टांग टाकता टाकता लुओंगचा पाय हवेतच राहिला.

येन लूच्या शेतात बांधाबांधाला खांब आहेत आणि खांबाखांबाला राखाडी भोंगे. कालव्याला पाणी कधी सुटणार, डुकरांना लस कधी टोचणार, हे सगळं गावाला तिथून कळतं. कळवते न्याइ, लुओंगची आत्या. तिची सूचना रोज सकाळी एकदाच होते, आणि आजची होऊन गेली होती. ही वरकड होती. ती कोणासाठी होती हे गावात फक्त दोन माणसांना ठाऊक नव्हतं, आणि ती दोघं लुओंगच्या मागे सायकली धरून उभी होती.

खिएमकाकांनी विचारलं, भोंग्यात काय म्हणाली ती बाई? खरखरीतून त्यांना 'पाहुणे' एवढंच कळलं होतं.

"तुमचं स्वागत केलं," लुओंग म्हणाला आणि निघाला.

आपल्या सहलीच्या पत्रकात त्याने स्वतः लिहिलं होतं: हळूहळू येन लू. एक दिवस, एकच गाव. घाई असलेल्यांनी शहरातच थांबावे. खिएमकाका सायगॉनचे, आयुष्यभर पार्सलं पोचवण्याचा धंदा केलेले. डॉक्टरांनी त्यांना वेग कमी करा म्हणून बजावलं होतं, आणि त्यांच्या बायकोने, तुयेतकाकूंनी, ते औषध म्हणून ही सहल घेतली होती. काका प्रत्येक वळणावर पुढे जाऊन थांबत, आणि मागचे आले की त्यांच्याकडे उशिरा आलेल्या पार्सलासारखं बघत.

लुओंगचं लक्ष दोघांकडेही नव्हतं. तो भातापलीकडे, सुपारीच्या तीन झाडांमागच्या लाल कौलांकडे बघत होता. तिथे आत्याचं घर होतं. कौलांवर धूर नव्हता.

धूर का हवा होता, ते सांगायला थोडं मागे जावं लागेल. फार नाही. एका वाटीभर मिरचीपर्यंत.

मागल्या खेपेला परदेशी पाहुणे आत्याच्या अंगणात चटईवर जेवत होते, आणि लुओंग त्यांना गावची रीत समजावत होता. आमच्याकडे आधी वय विचारतात, मोठा असेल तर दादा, लहान असेल तर एम, म्हणजे धाकटं. हे अर्धंच खरं. पिढी आधी, वय मागाहून, हे पाहुण्यांना कोण सांगत बसणार? न्याइ ही त्याच्या आजोबांच्या धाकट्या भावाची मुलगी. लुओंगहून आठ वर्षांनी लहान, तरी आत्या. लहानपणी तो तिला पाठुंगळी घेऊन बांधावरून पळायचा तेव्हासुद्धा "आत्या, नीट धरा हं" असं म्हणतच. पण त्या दिवशी उदाहरण समोर चालत आलं, हातात वाडगा घेऊन, आणि त्याला मोह आवरला नाही.

"एम, जरा मिरची आण गं."

पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. कुंपणापलीकडे पालेभाजी निवडणारी शेजारीण निवडायची थांबली. आत्याने मिरची आणली, चटईवर ठेवली, आणि तेव्हापासून लुओंगशी एक शब्द बोलली नाही. त्यानेही तिच्या घराची वाट टाळली. चूक त्याला त्याच संध्याकाळी कळली होती, पण कळणं आणि जाऊन म्हणणं यांच्यामध्ये एक अंगण होतं.

आज मात्र पत्रकात जेवण आत्याकडेच होतं. गोगलगायी, कच्ची केळी आणि हळद घालून केलेलं कालवण. लोक सायकलीसाठी येत नसत, त्या कालवणासाठी येत. ते नसेल तर सहल म्हणजे उन्हात सायकल ढकलणं, आणि त्यासाठी कोणी जवळच्या हनोईहूनसुद्धा आलं नसतं. लुओंगने बायकोकडून निरोप धाडला होता. आत्या म्हणाली होती, "बघू."

आत्याच्या चुलीत पेंढा जळतो. पेंढ्याचा धूर गावभर दिसतो. धूर निघाला तर जेवण, नाही निघाला तर लुओंगच्या पिशवीत झटपट शेवयांची पाकिटं. म्हणून त्याने बेत केला: धूर दिसेपर्यंत पाहुण्यांना फिरवत ठेवायचं. सहल मुळातच संथ. ती आणखी संथ झाली तर कोणाला काय कळणार?

पहिला वेळ त्याने विहिरीवर काढला. एरवी इथे फक्त पाणी प्यायची सोय होती. आज त्याने विहिरीला एक सेनापती दिला, सेनापतीला हत्ती दिला, हत्तीला तहान दिली. तहान वाढत गेली. हात उंच करून तो सोंड दाखवत होता, तेवढ्यात डोक्यावरचा भोंगा खाकरला.

— सूचना. वडाजवळची विहीर माझ्या वडिलांनी खणली. तिथे हत्ती कधीही आला नव्हता. सूचना संपली.

लुओंगचा हात वरच राहिला. सपाट भातात उंच केलेला हात आत्याच्या ओट्यावरून स्पष्ट दिसतो, आणि त्याचा हात वर गेला की काहीतरी खोटं जन्माला येतं हे तिला स्वतःच्या लहानपणापासून ठाऊक होतं.

"काय म्हणाली?" काकांनी विचारलं.

"विहीर जुनी आहे म्हणाली."

तुयेतकाकूंना खरखरीतूनही बरंच ऐकू येत असावं. त्यांनी विहिरीत डोकावून पाहिलं आणि हत्ती फार मोठा नसेल, असं पुटपुटल्या.

धूर नाही.

मग म्हैस. म्हशीवर बसून फोटो काढणं हे पत्रकात नव्हतं. लुओंगने ते घातलं. काका म्हणाले, मी बसणार नाही. मग बसले. मग म्हैस चिखलात बसली, आणि काका तिच्यावर, आणि तिला उठायची घाई नव्हती. काकांनी तिला आधी हुकूम दिला, मग कारणं दिली, मग तिच्या मानेवर थोपटत गप्प बसून राहिले.

— सूचना. ज्यांचे येण्याचे ठरले आहे त्यांनी यावे. उगाच भटकू नये. गोगलगायीसुद्धा पोचल्या आहेत. सूचना संपली.

हा टोमणा लुओंगला वर्मी लागला. त्याच्या धंद्यावरच होता. त्याने शेपटी पिरगाळून म्हशीला उठवलं आणि काकांना नावेकडे नेलं. नावेत वेळ हवा तितका ताणता येतो.

नाव डोंगराला वळसा घालते. डावीकडे चुनखडीचा कडा, उजवीकडे भात, मध्ये नावेपुरतं पाणी. लुओंग मागे रेलून दोन्ही पायांनी वल्ही मारतो, म्हणजे हात दाखवायला मोकळे राहतात. हा थोरल्या बहिणीचा डोंगर, तो म्हणतो. कड्यावर एक पांढरी शेळी उभी आहे. सुपारीच्या झाडांमागे धूर नाही.

नाव डोंगराला वळसा घालते. डावीकडे चुनखडीचा कडा, उजवीकडे भात, मध्ये नावेपुरतं पाणी. लुओंग मागे रेलून दोन्ही पायांनी वल्ही मारतो, म्हणजे हात दाखवायला मोकळे राहतात. हा धाकट्या बहिणीचा डोंगर, तो म्हणतो. कड्यावर एक पांढरी शेळी उभी आहे. काका झोपले आहेत. धूर नाही.

नाव डोंगराला वळसा

"पुरे," तुयेतकाकू म्हणाल्या. "ती शेळी आता मला ओळखायला लागली."

लुओंगचे पाय थांबले. नाव आपल्याच लाटेवर डुलत राहिली. काका घोरत होते, म्हणून त्याने सगळं सांगून टाकलं: एम, मिरची, शेजारीण, बघू, धूर. काकू ऐकत गेल्या आणि टोपीआड हसत गेल्या.

"आमच्याकडे दक्षिणेत पहिल्या पोराला दुसरा म्हणतात," त्या म्हणाल्या. "मी घरात पाचवी, म्हणून मला सहावी म्हणतात. पहिला कोण ते कोणी विचारत नाही, तरी घरं चालतात. आणि तुम्हा उत्तरेकडच्यांना आत्याला आत्या म्हणायला डोंगर फिरावा लागतो. दोनदा."

"तिचा राग शांत व्हायला हवा ना, काकू."

— शेवटची सूचना. गार झाल्यावर चव राहत नाही. मग तक्रार चालणार नाही. सूचना संपली.

"भाऊ," काकू म्हणाल्या, "ही बाई शिव्या देतेय की जेवायला बोलावतेय?"

लुओंगने त्या सूचना मनात पुन्हा लावून पाहिल्या. यावे. भटकू नये. गोगलगायी पोचल्या. गार. त्याने दिवसभरात पहिल्यांदाच घाईने वल्ही मारली. धक्क्याने काका जागे झाले आणि म्हणाले, कशाला पळवतोस रे, बरं चाललं होतं.

अंगणात चटई अंथरलेली होती. वाडगे उपडे, भांड्यांच्या झाकणांवर माशा, आणि चटईच्या टोकाला पंखा हलवत न्याइ आत्या. लुओंगने आधी तिच्याकडे पाहिलं नाही, चुलीकडे पाहिलं. चुलीत कोंबडी बसली होती. बाजूच्या ओट्यावर नवी कोरी निळी शेगडी आणि गॅसचा सिलिंडर.

"धूर..." त्याच्या तोंडून निघालं.

आत्या तुयेतकाकूंकडे बघून बोलली. काही लोक अंगणात पाय ठेवतील तर त्यांना घरातलं काही कळेल, असं तिचं म्हणणं होतं. कालवण तीनदा गरम केलं, केळ्याचा लगदा झाला, गोगलगायी मात्र अजून शाबूत आहेत, त्यांना सवय असते वाट बघायची.

सगळे बसले. येन लूमध्ये घास घेण्याआधी लहानाने मोठ्यांना एकेक करून, नात्याने, जेवायला बोलवायचं असतं. सायगॉनला ही रीत नाही, म्हणून काकांच्या तोंडात गोगलगाय पोचलीसुद्धा होती. काकूंनी त्यांना कोपराने ढोसलं. त्यांनी ती गालात धरून ठेवली.

"काका, जेवायला घ्या," लुओंग म्हणाला. "काकू, जेवायला घ्या."

मग आत्या उरली. तिचा वाडगा उपडाच होता. त्याने बरंच काही बोलायचं ठरवलं होतं, नावेत जुळवलंही होतं.

"आत्या," तो चटईला म्हणाला, "जेवा."

आत्याने पंखा हलवणं थांबवलं. "काकू, कोणी काही म्हणालं का?"

तिने मागे हात घातला. भोंग्याची खोली आणि तिचं घर यांच्यात एकच भिंत आहे, आणि खिडकीतून वायर यायला जागा आहे. तिने माइक चटईवर, त्याच्या वाडग्याशेजारी, मिरचीची वाटी ठेवावी तसा ठेवला.

"त्या दिवशी शेजारणीने ऐकलं," ती त्याच्याशी पहिल्यांदा बोलली. "आज बाकीच्यांना ऐकू दे."

लुओंगने माइक उचलला. सवयीने म्हणाला, "सूचना." मग थांबला. मग म्हणाला, "न्याइ आत्या, जेवायला चला. भाचा वाट बघतोय. भाच्याची चूक झाली."

अंगणातला भोंगा लगेच बोलला. वडाजवळचा जरा मागून. कालव्यापलीकडचा त्याहून मागून, आणि डोंगराजवळचा शेवटी: आत्या... आत्या... आत्या. कुठेतरी शेळी ओरडली. कुंपणापलीकडे शेजारणीने मोठ्याने "हं" केलं, म्हणजे पावती मिळाली.

आत्याने आपला वाडगा उताणा केला. काकांनी गोगलगाय गिळली. कालवणात केळी खरंच विरघळून गेली होती, पण कोणी तक्रार केली नाही. चालणार नाही असं आधीच सांगितलं होतं. काकांनी तिसऱ्यांदा वाढून घेतलं, आणि म्हैस संध्याकाळी कुठे असते अशी चौकशी केली.

मग आत्या उठली, घरात गेली, वाटी घेऊन आली, आणि त्यातली सगळ्यात लांब, लाल मिरची चॉपस्टिकने उचलून लुओंगच्या भातावर ठेवली.

"मागितली होतीस ना, बाळा. मी विसरले नव्हते."

लुओंगने अख्खी तोंडात टाकली. डोळ्यांतून पाणी आलं, कानांतून वाफ आल्यासारखं झालं, आणि जो ठसका लागला तो थांबेना. माइक अजून त्याच्या मांडीवर चालू होता. वडाजवळ ठसका लागला. कालव्यापलीकडे लागला. सगळ्यात शेवटी, अगदी सावकाश, डोंगराजवळ.