नाथाजींचा शिवपट

नाथाजी मोजणीदारांना गावात कुणी खुळं म्हणत नव्हतं. तोंडावर म्हणत नव्हतं, इतकंच! तीस वर्षं सरकारी साखळी ओढून माणूस सातारच्या कचेरीतून निवृत्त झाला, आता खुशाल ओट्यावर बसून पान चघळावं की नाही? ते नाही. हा बाबा खटाव-माणात पायपीट करून जुने शिवपट धुंडाळत बसला. शिवपट म्हणजे खादीवर बिब्ब्याच्या शाईनं काढलेला गावाचा नकाशा. शीव, ओढे, विहिरी, घरं, सगळं त्यात. नाथाजींचं म्हणणं असं, की हे नकाशे जमीन बघून काढलेलेच नाहीत. उलट जमीनच त्यांचं ऐकते. पटातला जो ओढा पुसट झाला, तो आटलेला त्यांनी स्वतः जाऊन पाहिला होता. अशा नोंदींच्या अकरा वह्या झाल्या होत्या. कचेरीतले जुने सोबती त्या चाळायचे, चहा पाजायचे आणि वाटेला लावायचे.

ही विद्या येणारं एकच माणूस उरलं होतं, वडूजजवळच्या वस्तीवरची म्हातारी हरणाबाई. तिनं नाथाजींना दोन गोष्टी बजावून सांगितल्या होत्या.

"शीव काडताना उगवतीला बोटभर जागा उगडी ठिवायची. तितनं माणूस येतंय, जातंय. आन् पट झाल्यावर कातर लावायची न्हाई. जे कापशीला ते ग्येलं."

नाथाजींनी ते शब्दाला शब्द उतरवून घेतलं. पुढच्याच वर्षी हरणाबाई गेली.

चौऱ्याहत्तरच्या चैत्रात नाथाजींनी आपल्याच गावाचा पट काढायला घेतला. सतराव्या दिवशी सगळं झालं, उरली ती उगवतीची बोटभर फट. ती त्यांच्या डोळ्यात सलायला लागली. मोजणीदाराची साखळी जिथून निघाली तिथंच येऊन मिळाली पाहिजे, नाहीतर मोजणी चुकली. यासाठी त्यांनी साहेबांच्या शिव्या खाल्ल्या होत्या, हाताखालच्या लोकांना दिल्या होत्या. हातच तो, वळण कसं सोडणार? बघता बघता त्यानं रेघ जुळवून टाकली. काय झालं ते नाथाजींना तत्क्षणी कळलं. पण खरं सांगायचं, तर त्यांना बरंही वाटलं. पट किती नेटका दिसत होता!

दुसऱ्या दिवशी सकाळची एस.टी. आली नाही. बाजाराला निघालेले लोक तासभर चालले आणि मारुतीच्या पारापाशीच परत येऊन पोचले. आधी हसले, मग एकमेकांकडे बघायला लागले.

आणि त्याच दिवशी मानसिंग यायचा होता. नाथाजींचा एकुलता एक लेक. लढाईत पायाला गोळी लागली होती, अडीच वर्षांनी सुट्टीवर येत होता. दहाच्या सुमाराला तो शिवेपलीकडं, उगवतीच्या माळावर दिसला. खांद्यावर पिशवी, चालतोय, चालतोय, पण पाऊलभर जवळ येईना. हाका त्याला पोचेनात. माळावर ना झाड, ना पाणी. दुपारपर्यंत तो दोनदा पडला आणि दोनदा उठला.

"आवं, काय करून बसलासा तुमी?" त्यांची बायको साळूबाई कपाळ बडवून घेत होती. "प्वार करपून मरंल की माजं!"

बिब्ब्याचा डाग कधी निघालाय? नाथाजींनी रॉकेल लावलं, सोडा चोळला, रेघ तसूभर हलली नाही. मग कातर राहिली. त्यांनी हिशेब घातला. बोटभर कापड म्हणजे जमिनीवर शंभर-दीडशे पावलं. उगवतीला नुसता खडक, ना घर ना विहीर. गेला तर जाऊ दे. त्यांनी माळाच्या कडेला जमलेल्या लोकांना पारावर आणून बसवलं, एकेक डोकं मोजलं. साळूबाईला घरी आणून चुलीपाशी बसवलं.

"अगं, म्या सांगस्तवर उंबरा वलांडू नगंस. ऐकलंस न्हवं?"

"व्हय," ती म्हणाली.

नाथाजींनी माजघराचं दार लावून घेतलं, दोनदा मापलं, देवाचं नाव घेतलं आणि कापलं. तुकडा अलगद हातात आला. लांब कुठंतरी दगड घसरल्याचा आवाज झाला. मग पारावर गलका उठला, "आला रं! मानसिंग आला!"

मानसिंग लंगडत आत आला. ओठ फुटलेले, डोळे लाल. नाथाजींनी त्याला पोटाशी धरलं. तो उभ्यानंच पाणी प्याला आणि त्यानं चुलीकडं नजर टाकली.

"आई कुटं ग्येली, आबा?"

"हितंच हाय की."

"न्हाई वो. शिवंवर आलती न्हवं. तांब्या घिऊन पळत आली. म्या हात केला, तिनंबी केला. मग अंदारी आली डोळ्यापुडं, आन् बगतोय तर वाट मोकळी. म्हनलं, च्या टाकाय म्होरं ग्येली आसंल."

नाथाजी आत गेले. मागचं दार सताड उघडं होतं. त्यालाच कडी घालायची राहिली होती. पारावरची सगळी डोकी मोजणाऱ्या माणसाला, लेक उन्हात पडलेला असताना आई चुलीपाशी बसून राहील असं वाटलंच कसं?

मागं मानसिंगनं हाक मारली, "आये!" थोडं थांबून परत मारली. त्याला सांगायला नाथाजी वळले. मुठीतला तुकडा छातीशी धरून ते मटकन खाली बसले आणि पोराच्या देखत हंबरडा फोडून रडायला लागले.