मागून लागलेला दगड

"पालथं झोपा बाबा. पाय पलंगाच्या बाहेर लोंबू द्या," डॉक्टर प्रेरणा म्हणाल्या.

मुंजाबा झोपेना. बाहेरच्या बाकांवर सगळ्या पोटुशा बाया होत्या आणि इतका वेळ तो त्यांच्यात खाली मान घालून बसला होता.

"सोनोग्राफी बायांची असती ना?"

"टाचेचीही होते. झोपा."

दगडाबाईनं नवऱ्याचं धोतर घोट्यावरून वर सारलं. त्याला शहरातल्या छावणी भागातल्या या दवाखान्यात आणायला तिला दोन महिने लागले होते. तोवर तेल झालं, हळद झाली, विटेचा शेक झाला. सूज उतरली, पण त्याला चवड्यावर उभं राहता येईना. मेंढरांमागं उमर गेलेला माणूस पडेगावच्या घरापुढं नुसता बसून असायचा. मुलगा भारत सकाळी मेंढरं चारून आणायचा आणि दुपारनंतर रिक्षा काढायचा.

डॉक्टरांनी टाचेवर गार, चिकट मलम लावलं. "आधी चांगला पाय दाखवते." त्यांनी यंत्राचा पडदा त्याच्या बाजूला वळवला. करड्या उजेडात बारीक रेघा एकीला एक लागून गेल्या होत्या.

"लोकरीचा पीळ दिसतो," मुंजाबा म्हणाला.

"तसंच आहे. आता दुखरा."

या पायात रेघा वरून खाली आल्या आणि मध्येच थांबल्या. पुढं काळं होतं. त्याखाली पुन्हा रेघा सुरू झाल्या. डॉक्टरांनी त्याचं पाऊल हलकेच वर वाकवलं, तसं ते काळं रुंद झालं.

"टाचेला पोटरीशी बांधणारी शीर पूर्ण तुटलीय बाबा."

"तुटणारच. त्यानं दगडच तसा हाणला."

"कुणी?"

"कडुबानं."

कडुबा आणि तो लहानपणापासून बरोबर मेंढरं चारायचे. अलीकडं चराईच्या जमिनीवर प्लॉट पडत गेले. कडुबानं मेंढरं विकली आणि दौलताबाद रस्त्यावरच्या एका प्लॉटिंगवर राखणदार म्हणून राहिला. ज्या माळावर दोघांनी मेंढरं वळली, त्याच माळाला आता तार होती आणि तारेआड कडुबा होता. त्या संध्याकाळी मुंजाबाची मेंढरं तारेतून आत घुसली. कडुबानं ती बाहेर काढायला सांगितलं. मुंजाबा त्याला मालकाचं कुत्रं म्हणाला. मग पाठ फिरवून निघाला. एक कोकरू नाली ओलांडून पळालं, त्याच्यामागं त्यानं उडी घ्यायला पाय रेटला आणि फाटकन आवाज होऊन टाचेवर फटका बसला. तो खाली पडला. वळून पाहिलं तर तारेजवळ कडुबा उभा.

दुसऱ्या दिवशी भारतनं प्लॉटच्या मालकाकडं तक्रार केली. आपण हात उचलला नाही, असं कडुबा सांगत राहिला. मालकानं त्याला काढून टाकलं. तो लेकीकडं, देवगाव रंगारीला निघून गेला.

मुंजाबानं हे सगळं उशीत तोंड ठेवूनच सांगितलं. डॉक्टरांचा हात थांबला होता.

"पाय रेटला आणि तेव्हाच आवाज झाला?"

"व्हय."

"सकाळी उठल्यावर ही टाच आधीपासून दुखायची का?"

"दोन-तीन वर्सं झाली असतील."

"बाबा, ही शीर तुटली की बहुतेक माणसं हेच सांगतात. मागून कुणीतरी लाथ मारली, काठी मारली. वळून बघतात तर मागे कुणी नसतं."

"मपल्या मागं व्हता की."

"यंत्रात दगड दिसत नाही, तेव्हा मी शपथेवर काही सांगणार नाही. पण एवढी शीर तोडणारा दगड लागला असता तर कातडी फुटली असती. निदान वळ उठला असता. होता का?"

भिंतीजवळून दगडाबाई म्हणाली, "नव्हता. म्या त्याच राती हळद लावली. कुठं खरचटलं सुदिक नव्हतं. तुमाला तवाच बोलले व्हते."

डॉक्टरांनी कापसानं मलम पुसलं. उशीर झालाय, हाडांचे डॉक्टर बहुतेक ऑपरेशन सांगतील, चालता येईल पण बरेच महिने जातील, असं त्यांनी समजावलं. मुंजाबा मान हलवत होता. किती ऐकलं ते दगडाबाईला कळलं नाही.

बाहेर भारत रिक्षात वाट बघत होता. "काय म्हणल्या?"

"शीर तुटली."

"मंग आता केसच करू. कागद मिळाला का?"

"केस नाय. त्यानं मारलं नाय." मुंजाबा दांडी धरून आत बसला. "स्टँडवर सोड. आमी देवगावला जातो."

भारतनं रिक्षा सुरू केली.

देवगावला कडुबा लेकीच्या अंगणात कांद्याच्या रोपांच्या जुड्या बांधत होता. रस्त्यावरून लंगडत येणारा माणूस त्यानं दुरूनच ओळखला, पण उठला नाही.

मुंजाबा त्याच्यासमोर येऊन उभा राहिला. "कडू, दगड नव्हता."

"मला ठावं हाय."

"मशीनीत पाहिलं. शीर आपसूक तुटली."

"तू पडला तवा तुला उचलाया म्या तार वलांडून आलो. तू आयवरून शिव्या दिल्या."

"दिल्या. चुकलं मपलं. मालकाला जाऊन सांगतो. तुपलं काम तुला माघारी..."

"तिथं दुसरा ठेवलाय. त्याला कशाला उठवतो?"

"मंग नुसता चल. पडेगावला."

कडुबानं हातातली जुडी पुरी बांधली. "नाय मुंजा. तिथं समद्या गावानं मला दगड मारणारा म्हणलं. तुपल्या पोरानं म्हणलं. म्या आता इथंच बरा."

दगडाबाईनं डोळ्याला पदर लावला. एका पायावर भार देऊन देऊन मुंजाबाची मांडी थरथरायला लागली होती. कडुबाला ती थरथर दिसली. तो उठला, घरातून बाज ओढत आणली, खांद्यावरच्या पंच्यानं झटकली.

"बस. पाय वर घे."

मुंजाबा बसला. कडुबा बाजेच्या दुसऱ्या टोकाला टेकला आणि आत लेकीला म्हणाला, "रत्ना, तिघांचा चहा ठेव."