उसवणं

दुपारी ती भाड्याच्या खोलीत एका फ्रॉकला चुण्या घालत होती, तेवढ्यात वकीलबाईंचा फोन आला. "उद्या आपण याचिका मागे घेतोय."

मशीन थांबलं. "म्हणजे मी हरले?"

"ऐका तरी. नगरपालिकेच्या अपील अधिकाऱ्याकडे जायचा मार्ग असताना कोर्ट हे ऐकणार नाही. अडून बसलो तर याचिका फेटाळतील. अपिलात जायची मुभा राखून मागे घेतली तर तिकडचं दार उघडं राहतं. आणि तिथे मूळ कागद टेबलावर मागवता येतो."

मूळ कागद! तिचे डोळे चमकले. तिच्या सासरची रीत होती: पुरुष गेला की त्याच्या बायकोने घरावरचा हक्क सोडून द्यायचा आणि कोपऱ्यात पडून राहायचं. नवरा गेल्यावर तिने नकार दिला होता. तरी महिन्याभरात तिच्या अंगठ्याचं हक्कसोडपत्र नगरपालिकेत पोचलं, घर दिराच्या नावावर झालं आणि तिचं मशीन रस्त्यावर आलं. ती तर सही करणारी बाई. पण मिळालेल्या झेरॉक्समध्ये तो अंगठा म्हणजे नुसता काळा डाग होता.

दुसऱ्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात दीर हसला. "काय वहिनी, दोरा संपला वाटतं?"

"नाही भाऊजी. वाकडी शिवण आधी उसवावी लागते."

अपिलाच्या सुनावणीला तो म्हाताऱ्या आईलाही घेऊन आला. घर आपल्या बाजूने आहे, हे साहेबांना दिसावं म्हणून. ती बिचारी मागच्या बाकावर अंग चोरून बसली.

अधिकाऱ्याने मूळ कागद उघडला. शिवणवाली वाकली. निळ्या ठशावरून एक तिरकी रेघ गेली होती. सुरीने कापलेल्या त्या अंगठ्याला तिने स्वतः पंधरा दिवस पट्ट्या बांधल्या होत्या. तिने सावकाश मागे वळून पाहिलं.

"आई, तुमचा हात दाखवता?"

"आई, तू बस खाली!" दीर ओरडला.

"तीस वर्षं बसलेच आहे की," म्हातारी उठत म्हणाली. "तू मला औषधाचा कागद म्हणालास ना रे? बायकांचे अंगठे सगळे सारखेच वाटले तुला?"

अधिकाऱ्याने शाईचा पॅड पुढे सरकवला. दोन ठसे शेजारी शेजारी आले. दिराच्या नावाची नोंद रद्द झाली. खोट्या कागदाची तक्रार पोलिसांकडे पाठवायचं ठरलं.

जिन्यात दीर हात जोडून आडवा आला. "वहिनी, तेवढी तक्रार मागे घ्या. कोर्टातलं घेतलंत ना?"

"ते तुमच्यापर्यंत पोचायला घेतलं होतं, भाऊजी. आता पोचले." त्याचा उतरलेला चेहरा तिने मनसोक्त पाहून घेतला. त्यासाठीच तर ती दोन वर्षं झिजली होती.

खाली नळावर तिने सासूचा हात धुवायला घेतला. म्हातारीने तो मागे ओढला.

"राहू दे गं शाई. पहिल्यांदाच समजून लावलाय. आणि उद्या माझ्याही कागदाचं बघ. तुझे सासरे गेले तेव्हाच्या."

तुमच्या घरातल्या आईने शेवटचा अंगठा कशावर लावला होता, हे कधी विचारलंय तिला?