सतरंजी सरकवताना

रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी, ही म्हण आमच्या श्यामसुंदरला बघूनच सुचली असावी. माझा धाकटा भाऊ, सकाळच्या शाळेत मास्तर. त्र्याऐंशी सालच्या थंडीत त्यानं कुणाकडून तरी सुपर-एट कॅमेरा आणला आणि मुलुंडच्या आमच्या घरात, मागच्या खोलीत, स्टँडवर बसवला. तिथे दोन ते चार जमिनीवरून ऊन सरकायचं. हा घड्याळ बघून मिनिटाला एकच फ्रेम घ्यायचा.

"यात माणसं कुठायत रे?"

"नाहीत, ताई. नुसतं ऊन. दोन तास सात सेकंदांत दिसतील."

ती खोली आईची. तिच्या अंगावरून वारं गेलं होतं. थंडीत तिला ऊन हवं असायचं. ते सरकलं की मी तिची सतरंजी सरकवायचे. मागच्या पौषात एका दुपारी माझा डोळा लागला. उठले तर ऊन दारापाशी गेलेलं आणि आई तिथेच खिडकीखाली, सावलीत, गार. झोपेत गेली, असं मी श्यामला सांगितलं. झोप कुणाची, ते नाही सांगितलं.

महिन्याभराचं रीळ धुऊन आलं. चादर टांगून आम्ही दोघांनी पाहिलं. दर दुपारी ऊन खिडकीपासून दारापर्यंत सरसर जायचं. खिडकीखाली मात्र एक काळसर डाग, बसल्या माणसाएवढा, मागेच राहायचा. उन्हाच्या दिशेनं झुकायचा.

"लेन्सवर धूळ असेल," श्याम म्हणाला.

दुसऱ्या दिवशी मी माळ्यावरून सतरंजी काढून खिडकीखाली अंथरली.

"ताई, फिल्मची वाट लावतेस यार!"

"लागू दे."

दोन फ्रेमच्या मधल्या वेळात मी सतरंजी सरकवायचे. महिनाभर दुपारी पापणी मिटली नाही.

दुसरं रीळ आलं. सतरंजी आपोआप सरकताना दिसत होती. डाग तिच्यावर होता, उन्हात. मी रडले, इतकं बरं वाटलं.

शेवटच्या दुपारी मात्र मला उशीर झाला होता आणि एका फ्रेममध्ये मी सापडले. श्यामनं फिल्म दिव्यासमोर धरून भिंग लावलं. मी सतरंजीवर वाकलेली. माझ्या उजव्या खांद्यावर पाच काळी बोटं. सरकवताना आई तिच्या धडक्या हातानं तोच खांदा धरायची.

मायेनं धरला होता की आता सोडायचाच नाही म्हणून, ते भिंगातून कळेना.

"पुरे, ताई," श्याम हळूच म्हणाला. "उद्यापासून कॅमेरा बंद."

कॅमेरा गेला. दुसऱ्या दिवशी दोन वाजता खांदा ठणकायला लागला. मी उठले आणि सतरंजी अंथरली.