पिवळ्या वाटेचा कोप

माणूस धाडकन पडला आणि दोरीमागच्या गर्दीने सुटकेचा निःश्वास टाकला. आज एक खोटा सापडला, म्हणजे निदान पुढचे दोघे-तिघे तरी सुखरूप जातील, असा सगळ्यांचा हिशेब होता. दोन सेवकांनी त्याला काखेत हात घालून बाजूला नेलं. त्याने मनगट छातीशी घट्ट धरलं होतं. मी हाडांची डॉक्टर आहे. मोडलंय हे मला लांबूनच कळलं.

"वाटेने ओळखलं," भोंग्यातून वाटाड्याचा मधाळ आवाज आला. "वाटेला डोळे नाहीत, पण तिला दिसतं. वाटेला कान नाहीत, पण तिला ऐकू येतं."

"वाटेला अक्कल नाही, हे सांगायचं राहिलं," मी पुटपुटले.

शेजारी उभ्या माझ्या धाकट्या बहिणीने माझा हात दाबला.

लहानपणी आपण सगळ्यांनीच ती गोष्ट ऐकलेली असते. पिवळ्या विटांची वाट धरायची, चालत राहायचं, शेवटी जादूगार भेटतो आणि मागाल ते देतो. स्वतःला वाटाड्या म्हणवणाऱ्या ह्या गृहस्थाने एका बंद पडलेल्या गोदामाच्या अंगणात ती वाट खरोखरच बांधली होती. काचेसारख्या चकचकीत, पिवळ्याधमक विटा, फाटकापासून थेट त्याच्या आसनापर्यंत, आणि तीही चढाची. गोष्टीतल्या वाटेवर कुणाच्या डोळ्यांवर ऊन येत नाही, कुणाचा पाय घसरत नाही, कुणाला मधेच लघवीला लागत नाही. इथे दुपारी त्या विटा अशा तळपत की डोळे उघडे ठेवणं मुश्किल. फाटकाशी एक जण काळे चष्मे विकायला बसला होता आणि त्याचा धंदा तेजीत होता. आमच्या दवाखान्यात कुणी असली वाट बांधली असती, तर मी त्याला दारातूनच हाकललं असतं. बरं, त्या गोष्टीच्या शेवटी जादूगार तद्दन लबाड निघतो, हे मात्र एकालाही आठवत नव्हतं.

नियम कडक होते. पाय धुऊन, अनवाणी, एकट्याने चालायचं. उभ्याने पोचलात तर मागणं पुरं होणार; पडलात किंवा खाली बसलात, तर जे मागायला आलात तेच जाणार. चालणाऱ्याला कुणी हात द्यायचा नाही. आणि पडलेल्याने बाहेर जाऊन अवाक्षर काढायचं नाही, नाहीतर कोप घरच्यांवर. त्यामुळे माझ्याकडे मोडलेल्या मनगटांची रांग लागली होती आणि जो तो सांगत होता, न्हाणीघरात घसरलो.

धाकटी सातव्या महिन्यात होती. तिचं पहिलं बाळ पोटातच गेलं होतं. हे राहावं म्हणून तिला वाट चालायची होती. तिच्या सासूबाईंनीच ते तिच्या मनात भरवलं होतं. मी आठवडाभर भांडले. शेवटी ती म्हणाली, "ताई, तुझं सगळं पटतं मला. पण मी गेले नाही आणि काही झालं, तर?" त्या 'तर'पुढे माझी सगळी डॉक्टरकी लंगडी पडली. मी सोबत निघाले. सासूबाईही आल्या, भर उन्हात जाड शाल पांघरून. शालीखाली त्यांचा हात प्लास्टरमध्ये होता. ते प्लास्टर मीच घातलं होतं, आणि कशाने मोडला असं विचारल्यावर त्यांनीही न्हाणीघराचंच नाव घेतलं होतं.

फाटकाच्या आत दोन टब होते आणि एक हसतमुख सेविका. ती प्रत्येकाला एकच विचारायची, "मनात काही शंका?" धाकटीला जन्मात खोटं बोलता आलेलं नाही. "थोडीशी आहे," ती म्हणाली. सेविकेने प्रेमाने तिच्या पाठीवर हात ठेवून तिला डावीकडे नेलं. मागून गर्दीचा रेटा होता. सासूबाईंना सांभाळून मी पुढे सरकेपर्यंत ती वाटेवर गेलीसुद्धा.

"मनात काही शंका?" सेविकेने मला विचारलं.

"आहे की, पोतंभर."

"मग डावीकडे या."

मी पाय बुडवले. पाणी गढूळ होतं, बुळबुळीत होतं. उजव्या टबापुढे जाडजूड पायपुसणं होतं, डाव्यापुढे काहीच नव्हतं. पहिल्या विटेवर पाय टेकला आणि तो निसटलाच. मी फाटकाचा गज धरला म्हणून वाचले. बोटं पाण्यात बुडवून नाकाशी नेली. साबण.

मी वर पाहिलं. धाकटी चढाच्या मधोमध थिजून उभी होती. दोन्ही हात पसरलेले, पोट पुढे, आणि टाच हळूहळू मागे सरकत होती.

सातव्या महिन्यातली बाई विटांवर आपटली तर काय होतं ते मी पाहिलेलं आहे. मी इतकी घाबरले होते की माझा आवाज मलाच ओळखू येईना.

"खाली बस," मी ओरडले. "आहेस तिथेच बस."

"बसले तर बाळ जाईल, ताई." तिने मान वळवली नाही.

"कुणी मधे जाऊ नका," भोंगा म्हणाला. "तिची परीक्षा तिला देऊ द्या."

मी मागे वळले. "काकू, शाल द्या. पाय पुसायचेत. ह्या पाण्यात साबण आहे."

त्यांनी शाल उलट घट्ट धरली. चार लोकांत प्लास्टर दिसलं असतं.

"शंका आहे म्हटल्यावर मला डावीकडे पाठवलं," मी म्हणाले. "तिलाही. तुम्हाला कुठे पाठवलं होतं, काकू?"

हा माझा अंदाज होता. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"डावीकडे," त्या म्हणाल्या. "मी खरं तेच सांगितलं होतं." त्यांनी वाटेवरच्या धाकटीकडे पाहिलं. "पहिलं गेलं तेव्हा मी पोरीला पांढऱ्या पायाची म्हणाले होते. मला वाटलं, वाटेला ते कळलं. म्हणून मला पाडलं. आता तिनेच चालून बाळ राखावं, म्हणून तिला आणलं."

शाल त्यांनी माझ्या हातात कोंबली आणि पाय न धुताच, कोरड्या पावलांनी, त्या वाटेवर चढल्या. सेवक धावले, पण प्लास्टरमधल्या बाईला धरायचं कुठे हे त्यांना कळेना.

"पोरी," त्या मोठ्याने म्हणाल्या, "मी न्हाणीघरात पडले नाही. इथे पडले. साबणाने पडले. बसल्याने बाळाला काही होत नाही. हे बघ, मी बसते." आणि त्या भर गर्दीसमोर पिवळ्या विटांवर बसल्या.

धाकटीने तेवढी मान वळवली. सासूकडे बघत, इंचाइंचाने वाकत, तीही खाली बसली. तोवर मी पाय पुसून, अक्षरशः रांगत तिच्यापर्यंत पोचले होते. तिला शालीवर बसवून आम्ही घसरगुंडीवरून उतरतात तसे खाली आलो.

मग मी दोन्ही टब गर्दीपुढे ओढले. "हात घालून बघा," म्हटलं. "एकात नुसतं पाणी, दुसऱ्यात साबण. शंका नाही म्हणणाऱ्याला पाणी आणि पायपुसणं. खरं बोलणाऱ्याला साबण." लोकांनी हात घातले, एकमेकांची बोटं हुंगली. एका बाईने वाटाड्याच्या झग्याखाली बोट दाखवलं. त्याच्या पायात जाड रबरी तळाचे बूट होते.

"उतरा," मी म्हणाले. "डाव्या टबात पाय बुडवा आणि या चालून."

"वाट माझी परीक्षा घेत नाही," तो म्हणाला.

"मग माझीच का घेतली?" मघाचा पडलेला माणूस म्हणाला. गर्दीत एक प्लास्टरचा हात वर झाला, मग दुसरा, मग बरेच. मागच्या दाराकडे सरकणाऱ्या वाटाड्याला लोकांनी तिथेच धरून ठेवलं.

धाकटी फाटकाच्या पायरीवर बसली होती. "ताई, मी बसले. आता बाळाला काही होणार नाही ना?"

हो म्हणायचा मोह झाला. पण तसली हमी तर वाटाड्याही देत होता. "माहीत नाही," मी म्हणाले. "तपासत राहू. पण काही झालंच, तर त्याचं कारण ह्या विटांत नसेल आणि तुझ्या मनात तर नसेलच." ती माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. सासूबाईंनी चांगल्या हाताने तिचे साबणाचे पाय पुसले.

वाचणाऱ्यांना माझं एवढंच सांगणं आहे. घसरलात तर आधी पायाखाली बघा. मनातली पापं शोधायला नंतर भरपूर वेळ असतो. आणि कुठे पडलात ते लाज न धरता मोठ्याने सांगा, कारण मागून येणाऱ्याचा पाय तिथेच पडणार असतो.