माझ्या बायकोला निरोप द्या

“बाई, एकच वाक्य आहे. चार शब्दांचं,” एल्वियो म्हणाला. टोपी त्याने दोन्ही हातांनी छातीशी धरली होती.

आवाज भरण्याच्या स्टुडिओत फोस्काबाईंचा शब्द शेवटचा. त्यांनी सिगारेट विझवली. “एकोणचाळीस सिनेमांत मुकाट्याने मेलास. आताच कुठून वाचा फुटली?”

“गुरुवारी गळ्याचं ऑपरेशन आहे. आवाज राहणार नाही म्हणतात. देल्फिनासाठी, बायकोसाठी, माझं एवढं एक वाक्य राहू दे.”

बाईंनी माइककडे बोट केलं.

रोममध्ये तेव्हा घोडे, पिस्तुलं आणि खुनांचे सिनेमे ढिगाने निघत, आणि सगळे मुकेच चित्रित होत. हीरो अमेरिकन, खलनायक स्पॅनिश. ज्याने त्याने आपापल्या भाषेत तोंड हलवायचं. पहिल्या अर्ध्या तासात मरणाऱ्या एल्वियोला तर संवादही मिळत नसत. “आकडे म्हण रे,” दिग्दर्शक सांगायचा, आणि हा गडी गोळी लागेपर्यंत एक, दोन, तीन म्हणत राहायचा. मग स्टुडिओत आवाज देणारा नेव्हियो त्या ओठांवर आपला भारदस्त आवाज चढवायचा. “जरा सिनेमातल्यासारखं बोल की!” गल्लीतला पाववाला चेष्टा करायचा. एल्वियो आपल्या बारीक आवाजात, फ्रोसिनोनेकडच्या खेडवळ हेलात पाव मागायचा आणि दुकान खदखदून हसायचं. तोही हसायचा, पण ते त्याच्या जिव्हारी लागायचं.

नेव्हियो माइकपासून बाजूला झाला. “ये. आज तुझं तूच बोल.”

पडद्यावर एल्वियो धुळीत पडला होता. त्याचे ओठ हलले. “माझ्या बायकोला...” इथे बोलेपर्यंत तिकडे ओठ मिटलेसुद्धा. दुसऱ्या वेळी घाई केली, तर शब्द संपले आणि तोंड आपलं हलतंच आहे. चित्रीकरणाच्या दिवशी उन्हात त्याने भराभर नऊपर्यंत आकडे म्हटले होते. आता स्वतःच्याच तोंडात त्याला चार शब्द बसवता येईनात. चौथ्या खेपेला खोकल्याची उबळ आली ती थांबेचना.

“पुरे रे बाळा,” फोस्काबाई म्हणाल्या.

एल्वियोने टोपी घातली आणि नेव्हियोकडे न बघता तो बाहेर पडला.

देल्फिना दारातच उभी होती. “बोललास?”

त्याने मान डोलावली.

“नीट ना? घाबरला नाहीस ना?”

“मस्त झालं,” तो म्हणाला. गुरुवार तीन दिवसांवर होता. तेवढ्यात खरं सांगायचं धैर्य त्याला झालं नाही, आणि नंतर सांगायला आवाजच उरला नाही.

फेब्रुवारीत सिनेमा मोहल्ल्यातल्या थिएटरला लागला. देल्फिनाने सगळ्या इमारतीला गोळा करून नेलं. पाववालाही भोपळ्याच्या बिया सोलत मागच्या रांगेत बसला होता. एल्वियोच्या गळ्याला मफलर, मांडीवर छोटी पाटी. अंधार होताच त्याने चाचपडत पाटीवर लिहिलं, ‘मला जमलं नाही. माफ कर.’ नेव्हियोचा आवाज घुमला की पाटी देल्फिनापुढे धरायची, एवढंच आता हातात होतं.

गोळी सुटली. तो धुळीत पडला.

“माझ्या बायकोला निरोप द्या.”

बारीक आवाज. तोच खेडवळ हेल. शेवटच्या शब्दाला आजारी गळ्याची किंचित घरघर. बावीस सिनेमे एल्वियोच्या ओठांवर बोललेल्या नेव्हियोने आपला भारदस्त आवाज बाजूला ठेवून हुबेहूब त्याचा आवाज काढला होता.

“अरेच्चा, हा तर आपला एल्वियो!” पाववाला ओरडला.

देल्फिना रडत होती. “तूच रे! किती छान बोललास!”

एल्वियोने बाहीने पाटी पुसली.

सिनेमा आठ दिवस चालला. ती रोज गेली, आणि तिच्यासोबत तोही. ते वाक्य यायच्या जरा आधी ती डोळे मिटून घ्यायची. पडद्याकडे बघायची नाही, शेजारच्या खुर्चीकडेही नाही. एल्वियो तेवढा वेळ तिच्या चेहऱ्याकडे बघत बसायचा.